‘ङ’ वरून नाव, कियाराचा अर्थ आणि सासूबाई

प्रश्न आधी थोडक्यात परत लिहिते म्हणजे नंतर वाचणाऱ्यांनाही कळेल. विचारणारीचं माहेर अमरावती, सासर आमचं इंदूर, मुलगी आठ दिवसांची. पत्रिकेत आर्द्रा नक्षत्र, तिसरं चरण, आणि अक्षर आलंय ‘ङ’. नवराबायकोच्या मनात कियारा किंवा मायरा आहे. नेटवर कियाराचा अर्थ ‘संस्कृत, देवाची अनमोल देणगी’ असा दिलाय पण सासूबाईंचं म्हणणं, अर्थ नसलेलं नाव माझ्या नातीला नको. त्यात सहा महिन्यांनी नवऱ्याच्या नोकरीसाठी सगळे डब्लिनला जाणार आणि बारसं चार दिवसांवर आलंय.

तू माझ्या लेकीच्या वयाची असशील म्हणून अगंतुगं करते, राग मानू नकोस. मी इंदूरला रामबागेत राहते, कॉलेजात संस्कृत शिकवलं आणि रिटायर झाल्यावर रीतसर पौरोहित्य शिकले, आता वर्षभर बारशी, मुंजी हेच चालू असतं. त्यामुळे हा प्रश्न थोड्याफार फरकाने महिन्यातून दोनदा तरी माझ्यापुढे येतोच, बहुतेक वेळा रात्री साडेदहानंतर आणि व्हॉट्सॅपवर.

आता मला असं वाटतं की तू विचारलंयस ‘कियाराचा अर्थ काय’, पण अडचण अर्थाची नाहीये. तुला असं नाव हवंय जे सासूबाईंना आपल्या घरातलं वाटेल, इथल्या शेजारपाजारच्यांना हसू येणार नाही आणि तिकडच्या शाळेत हजेरी घेताना बाई अडखळणार नाहीत. म्हणजे तीन घरांत चालणारं नाव. आणि चौथं ते ङ. ङ सगळ्यात सोपं आहे म्हणून ते आधी निकालात काढू.

नक्षत्रं सत्तावीस, प्रत्येकाची चार चरणं, म्हणजे १०८ अक्षरं लागतात. आर्द्राला आलेत कू, घ, ङ, छ. हस्ताच्या वाट्याला ‘ण’ आलाय आणि उत्तराभाद्रपदेच्या ‘ञ’. या तीन अक्षरांवरून नाव सुरू होत नाही हे जुन्या ज्योतिषवाल्यांनाही चांगलं ठाऊक होतं, म्हणून त्यांनीच सोय करून ठेवलीये की ङ आला तर ग घ्यावा, ञ ला ज आणि ण ला ड. म्हणजे तुझं अक्षर ग. गार्गी, गौरी, गिरिजा, गायत्री, पाहिजे ते घे. कुणी गुरुजी ‘ङ म्हणजे फार अवघड योग’ वगैरे म्हणून शांतीचा विधी करायला सांगत असतील तर त्यांना नमस्कार कर आणि चहा पाजून पाठव.

शिवाय नक्षत्राचं नाव तेच शाळेतलं नाव असं कुठेही बंधन नाहीये. विधीत नावं चार असतात, कुलदेवतेवरून एक, महिन्यावरून एक, नक्षत्रावरून एक आणि चौथं व्यवहाराचं. ताटात तांदूळ पसरून त्यावर अंगठीने चारही लिहितात, आणि घरची माणसं फोटो काढण्याच्या गडबडीत फक्त चौथं वाचतात. गृह्यसूत्रांत तर अशाही एका नावाचा उल्लेख आहे की जे मुंजीपर्यंत फक्त आईवडलांनाच माहीत असावं. तेव्हा ग वरचं नाव आत्याने कानात सांगायचं, कुर्र करायचं, आत्याच्या पाठीत बुक्के घालायचे आणि कागदावर तुम्हाला हवं ते. सासूबाईंचं निम्मं समाधान इथेच होतं, हा अनुभव आहे.

आता कियारा. हे संस्कृत नाही. आपट्यांच्या कोशात नाही, मोनिअर विल्यम्सच्या कोशात नाही, आणि कोणत्या धातूपासून आणायचं म्हटलं तरी येत नाही. युरोपात मात्र या आवाजाची दोन वेगवेगळी नावं आहेत आणि गंमत अशी की दोघांचे अर्थ एकमेकांच्या उलटे. इटलीत ‘क्यारा’ म्हणतात, ते लॅटिन ‘क्लारुस’ वरून, म्हणजे स्वच्छ, उजळ, इंग्रजीतली क्लारा किंवा क्लेअर ही तिचीच बहीण. आणि आयर्लंडमध्ये ‘कीरा’, तिथल्या जुन्या भाषेतल्या ‘किअर’ वरून, म्हणजे काळा, सावळा. मुलाचं नाव किअरान, म्हणजे छोटा सावळ्या. इंग्रजी स्पेलिंगच्या कृपेने नेटवर या दोघी एक झाल्या आणि वर देवाची देणगीही चिकटली. तू नेमकी डब्लिनला चाललीयेस, तिथे ऐकणारा सावळी असाच अर्थ घेणार. त्यात वाईट काहीच नाही हं, आपल्याकडेही कृष्णा म्हणजे सावळीच, द्रौपदीचं नाव होतं ते. फक्त सासूबाईंना ‘संस्कृत आहे’ असं सांगू नकोस, कारण त्या कुणाला तरी विचारतील आणि ते कुणीतरी बहुतेक मीच असेन.

‘देवाची देणगी’ या अर्थाबद्दल एक सांगून ठेवते. त्या वेबसाइटांना जिथे काहीच सापडत नाही तिथे त्या हा अर्थ टाकतात, नाहीतर ‘अद्वितीय’, नाहीतर ‘सूर्याचा अंश’. खरंच देवाने दिलेला असा अर्थ असणारी नावं जगभर आहेत आणि त्यांचे जोड उघड दिसतात. आपला देवदत्त, ग्रीकांचा थिओडोर (थिओस देव, डोरॉन देणगी), तोच उलटा केला की डोरोथी, हिब्रूत नथानिएल, फारसीत खुदाबक्ष, रशिया-पोलंडकडे बोगदान, त्यातला ‘बोग’ म्हणजे देव आणि आपल्या भगवानातल्या ‘भग’ चा तो नातेवाईक. नाव फोडून दाखवता आलं तर अर्थ खरा. कियाराचा कुठला तुकडा देव आणि कुठला देणगी हे कुणी दाखवलं तर मी दक्षिणा परत करीन.

पण हे असं चारचौघांत बोलू नये, हे मी ठेच लागून शिकले. सुरुवातीच्या दिवसांत एका बारशाला आत्याने माइकवर सांगितलं, बाळाचं नाव आरव, अर्थ शांत. आणि मी शिक्षकी सवयीने पटकन म्हणाले, शांत नाही, संस्कृतात आरव म्हणजे आवाज, आरडाओरडा. सगळा हॉल गप्प. आत्याचा चेहरा पडला आणि आजोबांनी नंतर मला बाजूला घेऊन गोड शब्दांत झापलं. ते बाळ आता सातवीत आहे, वर्गात बडबड करतो म्हणून दर पालकसभेत तक्रार असते. पण तरीही माझं चुकलंच. नाव जाहीर झाल्यावर अर्थ दुरुस्त करायचा नाही, विचारलं तरच सांगायचा, आणि तोही आधी. तू चार दिवस आधी विचारलंस म्हणून एवढं मोकळं बोलतेय.

मायराबद्दल मात्र इंदूरकर म्हणून सांगावंच लागेल, अमरावतीला कुणी सांगणार नाही. माळव्यात आणि राजस्थानात मायरा म्हणजे लग्नात मामाकडून येणारा आहेर. साड्या, दागिने, रोख, ताटं भरभरून आणतात, घेऊन नाचत येतात. ‘नानी बाई का मायरा’ या कथेचे मंडप पडतात आपल्याकडे. त्यामुळे तू सोसायटीत सांगितलंस की मुलीचं नाव मायरा, तर समोरच्या मालवी काकू हसून विचारणार, ‘मामा कितना लाए?’ इंग्रजीतलं मायरा हे वेगळंच प्रकरण आहे, सोळाव्या-सतराव्या शतकातल्या फुल्क ग्रेव्हिल नावाच्या इंग्रज कवीने ते आपल्या कवितांसाठी घडवलं असं मानतात. कवीने घडवलेलं नाव वाईट कसं म्हणणार. ठेवायचं असेल तर जरूर ठेव, फक्त हसू येणार हे धरून चाल, आणि मामाला आधीच कल्पना दे.

आता सासूबाईंचा मुद्दा, ‘अर्थ नसलेलं नाव नको’. इथे मी पूर्ण त्यांच्या बाजूने नाही आणि पूर्ण तुझ्याही नाही. कारण आपल्याच लोकांनी मुद्दाम वाईट अर्थाची नावं ठेवलीयेत आणि ती सगळ्यात जास्त मायेने ठेवलीयेत. दगडू, धोंडू, केरू, कचरू, भिकू. पाठोपाठ मुलं जात असली की पुढच्याला असं नाव द्यायचं, म्हणजे मृत्यूची नजर पडली तरी तो म्हणेल हा तर कचरा, कशाला उचलू. हे आपल्यापुरतंच असेल असं मला पूर्वी वाटायचं. मंगोलियात ‘नेरग्वी’ नाव असतं, अर्थ ‘नाव नाही’, आणि ‘एनेबिश’ म्हणजे ‘हा तो नव्हे’. चीनच्या खेड्यांत मुलाला ‘कुत्र्याने खाऊन उरलेला’ अशा अर्थाचं नाव ठेवायचे. पूर्व युरोपातले ज्यू आजारी बाळाला ‘आल्टर’ म्हणायचे, म्हणजे म्हातारा, यमदूत तान्हं बाळ शोधत आला तर फसावा म्हणून. एकमेकांना कधी न भेटलेल्या बायकांनी मृत्यूला फसवायची एकच युक्ती काढलेली, हे वाचलं तेव्हा मी बराच वेळ पुस्तक मिटून बसले होते.

माझ्या आजोबांचं नाव धोंडो. आजी सांगायची, अगं ते धोंड्याच्या महिन्यात झाले म्हणून धोंडो, दगड नव्हे काही. धोंड्याचा महिना म्हणजे अधिक मास, आणि अशी नावं त्यावरूनही पडतात हे खरंच आहे. पुढे मी जुनं पंचांग काढून त्यांचं साल तपासलं तर त्या वर्षी अधिक महिनाच नव्हता. आईला विचारलं तेव्हा कळलं की आजोबांच्या आधीची दोन भावंडं गेली होती. आजीने कुणी विचारलं की सांगायला एक बरासा अर्थ करून ठेवला होता, वेबसाइटवाल्यांसारखाच. तेव्हापासून मी त्या वेबसाइटांना जरा कमी शिव्या देते.

आणि याची दुसरी बाजूही असते. नकुशी. ते नाव यमासाठी नव्हतं, ते मुलगी नको म्हणून होतं. सातारा जिल्ह्यात २०११ साली अडीचशेहून जास्त नकुशांना समारंभ करून नवी नावं दिली होती. चीनमध्ये मुलीला ‘झाओदी’ ठेवायचे, अर्थ ‘धाकट्या भावाला बोलावून आण’. म्हणजे नाव तिचं आणि वाट त्याची. अर्थ आहे की नाही यापेक्षा तो कुणी कशासाठी घातला हे मला महत्त्वाचं वाटतं. तुझ्या मुलीचं नाव तुम्ही आवडीने ठेवताय, एवढं सासूबाईंना दिसलं पाहिजे.

‘परकं नाव’ हा आक्षेप येईलच, त्यालाही उत्तर आहे. शहाजीतला शहा फारसी. गुलाबराव फारसी, दौलतरावातली दौलत अरबी, आणि ग्वाल्हेरच्या गादीवर दौलतराव शिंदे होऊन गेले. चाकणचा किल्ला १६६० मध्ये लढवणारा फिरंगोजी नरसाळा, त्याच्या नावात तर चक्क फिरंगी बसलाय. ग्वाल्हेरच्याच जिवाजीराव शिंद्यांचं पूर्ण नाव जॉर्ज जिवाजीराव, इंग्लंडच्या राजावरून, आणि बहिणीचं राणीवरून मेरी कमलाराजे. आपण नावं बाहेरून घेत आलोय, फक्त घेतल्यावर त्याला जी, राव लावून घरातलं करून टाकलं.

यावरून माझी एक कसोटी सांगते, शास्त्राची नाही, माझी. नाव मराठी वाक्यात घालून जोरात हाक मारून बघायचं. ‘मायराने दूध सांडलं’, ‘कियाराची वेणी घाल’, ‘तारे, ए तारे’. आइसलँडमध्ये तर यासाठी १९९१ पासून सरकारी समिती आहे, नवीन नाव त्यांच्या विभक्तीत बसतं की नाही ते ती बघते, नाही बसलं तर नामंजूर होऊ शकतं. आपल्याकडे ती समिती म्हणजे आजी. जे नाव हाक मारताना आपोआप मोडतं, वाकतं, ज्याचं तारे, ताराबाई, तारू होतं ते घरात टिकतं. कियाराचं काय होईल, कियू? की आजी शेवटपर्यंत ‘बाळ’ च म्हणत राहणार? हे घरावर अवलंबून आहे, तुमच्याकडे लाडाची नावं पाडायची पद्धत असेल तर हा प्रश्नच नाही.

स्पेलिंगची गोष्ट इंदूरकरांनी जास्त सांभाळायला हवी कारण आपण दोन भाषांच्या मधे राहतो. ज्ञ असलेलं नाव इथे हमखास अडकतं, आपण प्रद्न्या म्हणतो, हिंदीत प्रग्या. ऋ चं तेच, आपली रुतुजा इथल्या शाळेत रितुजा होते, कृपाची क्रुपा की क्रिपा यावरून मार्कशीट आणि पासपोर्ट जुळत नाहीत. ळ तर आपण केव्हाच गमावलाय, होळकरांचंही इथे होलकर झालं. डब्लिनला जायचंय म्हणजे ज्ञ, ऋ, ळ आणि क्ष टाळ, बाकी काय ते बघून घेऊ.

तिकडचंही एक बघून ठेव. ग वरून गौरी किती सुंदर नाव, पण इंग्रजी कानाला ते ‘गोरी’ ऐकू येतं आणि तो त्यांच्याकडे रक्तबंबाळ असा शब्द आहे. आयर्लंडमध्ये त्या उच्चाराचं एक गावही आहे, वेक्सफर्ड परगण्यात, तेव्हा कदाचित तू कुठल्या गावची असंच विचारतील. म्हणून गौरी कानातलं नाव छान, हजेरीतलं नको.

मग मी तुझ्या जागी असते तर? मी तारा ठेवलं असतं. आपल्याकडे अर्थ सांगावाच लागत नाही, ताराराणीचं नाव सासूबाई स्वतःच काढतील, आणि डब्लिनपासून जवळच मीथ परगण्यात ‘तारा’ नावाची टेकडी आहे, आयर्लंडच्या जुन्या राजांची गादी तिथे होती. त्या नावाचा आपल्या ताऱ्याशी संबंध नाही, नुसता कानाचा योगायोग आहे, पण तिकडच्या शाळेत स्पेलिंग विचारणार नाहीत. उगाच लपवत नाही, पुराणात बृहस्पतीची तारा चंद्राबरोबर निघून गेली ही कथा कुणीतरी काका नक्की काढतील. आणि मनुस्मृती उघडलीच तर तिथे नक्षत्र, झाड आणि नदी यांच्या नावाच्या मुलींशी लग्न करू नये असं लिहिलंय. एवढं मनावर घेतलं असतं तर आपल्या घरांत एक गंगा, यमुना, रोहिणी, रेवती झाली नसती. दुसरं मीरा चालेल. लॅटिनमध्ये अद्भुत, त्यावरून एका ताऱ्यालाही ते नाव आहे, आणि स्पॅनिशमध्ये ‘मिरा’ म्हणजे ‘बघ!’, म्हणजे स्पेनला फिरायला गेलात तर पोरगी दर दोन मिनिटांनी वळून बघेल.

कियाराच हवं असेल तर तेही ठेव, अगदी मनापासून सांगते. ‘उजळ’ हा क्यारावाला अर्थ घे, तो खरा आहे, फोडून दाखवता येतो, आणि कानात गिरिजा सांग.

घाईचं म्हणशील तर बारसं बाराव्या दिवशी झालंच पाहिजे असंही नाही, आणि सरकारी कागदाला तर मुळीच नाही. जन्माची नोंद २१ दिवसांत करायची असते पण ती नावाशिवायही होते, नाव पुढे वर्षभरात फी न भरता घालता येतं. पण तुला पासपोर्ट लागणार म्हणून फार लांबवू नकोस आणि इंग्रजी स्पेलिंग एकदा ठरलं की सगळीकडे तेच लिही. हे मी का एवढं घोकतेय, तर माझंच उदाहरण आहे. माहेरची मी कुंदा. लग्नात ह्यांनी तांदळात वैशाली लिहिलं, कुणी मला विचारलं नाही आणि विचारायचं असतं हे मलाही माहीत नव्हतं. बडोद्याच्या सयाजीरावांच्या दोन राण्या, तंजावरची लक्ष्मीबाई आणि ती गेल्यावर देवासची गजराबाई, दोघींचंही सासरी येऊन चिमणाबाईच झालं, मग आमची काय कथा. रिटायर झाल्यावर पेन्शनचे कागद करताना एका ऑफिसात सात महिने फेऱ्या मारल्या, कारण डिग्रीवरची कुंदा आणि पगारातली वैशाली ही एकच बाई आहे हे त्यांना पटेना.

ते सगळं चालू असताना चाळीस वर्षांनी पहिल्यांदा कुणीतरी मला खिडकीतून ‘कुंदा’ अशी हाक मारली. कारकुनाचीच हाक ती, पण मी दोन मिनिटं तिथेच उभी राहिले, फॉर्म घ्यायचंही सुचेना.

तेव्हा बारशाच्या आधी एक कर. संध्याकाळी बाळ झोपलं की चहा घेऊन सासूबाईंजवळ बस आणि त्यांना विचार, आई, तुमचं माहेरचं नाव काय होतं? मग कियाराचं बोल.